काळीवरील अंगण व सिमेंटचा कोबा

गेल्या कांहीं वर्षांत लातूर व नांदेड जिल्ह्यांतील खेड्यांतून हिंडण्याचा ज्यांस योग आला असेल, त्यांच्या एक गोष्ट सहज ध्यानांत आली असेल. सोयाबीनचे पैसे हातांत आले, किंवा एखादे वर्षीं हळदीला बरा भाव मिळाला, म्हणजे शेतकऱ्याचें लक्ष प्रथम घरापुढील अंगणाकडे जातें. फाटकापासून ओसरीपर्यंत सिमेंट-काँक्रीट ओतावयाचें, किंवा बाजारांत मिळणारे रंगीत ठोकळे, ज्यांस सर्वत्र पेव्हर ब्लॉक म्हणतात, ते बसवावयाचे, हें आतां प्रतिष्ठेचें लक्षण होऊन बसलें आहे. चिखलांतून सुटका व्हावी, ट्रॅक्टर दारापर्यंत यावा, धान्य वाळवावयास स्वच्छ जागा असावी, ह्या इच्छेस कोणी नांवें ठेवणार नाहीं. आम्ही तर मुळींच ठेवीत नाहीं. परंतु हा पैसा ज्या रीतीनें खर्च होत आहे ती रीत आम्हांस मान्य नाहीं, व ती कां मान्य नाहीं हें वाचकांपुढें स्पष्टपणें मांडणें आम्ही आमचें कर्तव्य समजतों.

आपल्या वाडवडिलांनीं गांवच्या जमिनीचे दोन भाग मानले होते: काळी आणि पांढरी. काळी ती पिकाची व पांढरी ती वस्तीची. हा भेद केवळ महसुलाच्या दप्तरांतला नव्हे. काळ्या मातीवर भिंत धड उभी राहत नाहीं हें त्यांस अनुभवानें ठाऊक होतें. म्हणून गांव बसवावयाचें तें टेकाडावर, मुरमाड किंवा पांढऱ्या मातीवर, असा दंडक होता. जुन्या गढ्या पाहिल्या तर त्या अशाच जागीं दिसतील. आज परिस्थिति पालटली आहे. वाटण्या झाल्या, गांवठाण पुरेनासें झालें, डांबरी रस्ता शेताच्या बांधाजवळून गेला, वीज आली, विंधण-विहिरी झाल्या. आणि शेतकरी पांढरी सोडून काळीवर राहावयास गेला. त्यांत वावगें कांहीं नाहीं. घराच्या पायाची काळजी तो थोडीबहुत घेतो. गवंडी सांगतो त्याप्रमाणें खांब खोल नेतो. अंगणाची काळजी मात्र कोणीच घेत नाहीं. अंगण म्हणजे जमीनच, तिला पाया कशाला, अशी सर्वांची समजूत!

ही समजूतच घातक आहे. आपली काळी माती ही दख्खनच्या काळ्या पाषाणाची झीज होऊन बनलेली आहे. तिच्यांत एका विशिष्ट जातीच्या चिकण कणांचें प्रमाण मोठें असतें. शास्त्रांत त्यांस माँटमोरिलोनाइट म्हणतात. हे कण पाणी पितात व फुगतात, आणि पाणी गेलें कीं आक्रसतात. चैत्र-वैशाखांत शेताला ज्या भेगा पडतात, ज्यांत हात कोपरापर्यंत सहज जातो, त्या ह्याच गुणाच्या होत. आणि मृगाच्या दोन सरींनंतर त्या मिटलेल्या दिसतात त्याही ह्याच गुणानें. पिकाला हा गुण उपकारक आहे, कारण जमीन आपोआप उलथते व ओल धरून ठेवते. परंतु ह्याच जमिनीवर चार इंच जाडीचें, दगडासारखें ताठ, एकसंध आच्छादन घातलें म्हणजे काय होईल ह्याचा विचार करावा. पावसाळ्यांत कोब्याच्या कडांखालीं पाणी शिरतें व तेथली माती फुगते. मध्यभागीं माती कोरडी राहते. उन्हाळ्यांत कडा प्रथम वाळतात व खालीं बसतात. मध्यभाग ओल धरून राहतो. वरचा कोबा मात्र वांकत नाहीं. जें वांकत नाहीं तें तडकतें. एकदां तडा गेला कीं त्यांतून पाणी खालीं उतरतें, तेथली माती अधिक फुगते, आणि ट्रॅक्टरची ट्रॉली उरलेलें काम पुरें करते.

हें सारें आम्ही पुस्तकांतून वाचून सांगत आहों असें कोणीं समजूं नये. आमच्या स्वतःच्या अंगणांत हा प्रयोग आमच्याच पैशानें झालेला आहे. सुमारें हजार चौरस फुटांचें अंगण. वरचें गवत खरवडून, नांवाला दोन पाट्या मुरूम इकडेतिकडे फेकून, त्यावर चार इंच काँक्रीट एका दिवसांत ओतलें. साठ पोतीं सिमेंट लागलें. मिस्तरीनें माल सहज पसरावा म्हणून पाणी सढळ हातानें घातलें, आणि आम्हीही तें कौतुकानें पाहत उभे राहिलों. पाणी मारण्याचें काम दोन दिवस झालें. तिसरे दिवशीं लग्नास जावयाचें होतें म्हणून राहिलें. आषाढांत एका कोपऱ्यापासून समोरच्या कोपऱ्यापर्यंत तडा गेला. दिवाळीपर्यंत फाटकाकडील कड दोन बोटें वर आली, आणि पावसाचें पाणी जें पूर्वीं रस्त्याकडे जात असे तें ओसरीकडे येऊं लागलें. शेवटीं तो कोबा फोडण्याची मजुरी वेगळी द्यावी लागली. त्या खापऱ्यांचा ढीग आजही गोठ्यामागें पडलेला आहे. मिस्तरीस दोष देऊन आम्ही मोकळे झालों असतों. परंतु त्याला खालची जमीन दाखवून, हिच्यावर काय टिकेल, असा प्रश्न आम्हीं एकदांही विचारला नव्हता.

सिमेंटाविषयीं आपल्या भागांत जी एवढी श्रद्धा आहे तिला एक दुःखद कारण आहे, तेंही येथें नमूद केलें पाहिजे. ३० सप्टेंबर १९९३ रोजीं पहाटे किल्लारीच्या परिसरांत जो भूकंप झाला, त्यांत औसा, निलंगा, उमरगा व लोहारा ह्या बाजूचीं गांवेंच्या गांवें जमीनदोस्त झालीं व हजारों माणसें झोपेंत गाडलीं गेलीं. मातींत रचलेल्या दगडांच्या रुंद भिंती व वरचें मातीचें जड धाबें हीं त्यांच्या मृत्यूचीं कारणें ठरलीं. तेव्हांपासून माती म्हणजे भय आणि सिमेंट म्हणजे निर्भयता असें समीकरण आमच्या लोकांच्या मनांत पक्कें बसलें. भिंतीच्या व छताच्या बाबतींत तें बऱ्याच अंशीं खरें आहे, तरी तेथेंही खरें काम करतें तें भिंती एकमेकींस बांधून ठेवणारें जोडकाम. अंगणाला छत नाहीं व भिंत नाहीं. तेथें ह्या श्रद्धेचा कांहीं उपयोग नाहीं.

मग करावें काय? आमचें स्पष्ट मत असें आहे कीं, काळीवरील अंगणास व गाडीवाटेस ताठ कोबा न घालतां, मुरमाच्या चोपलेल्या थरावर सुट्या विटा किंवा ठोकळे बसवावे. आणि एकंदर पैशापैकीं मोठा वांटा जमिनीच्या खालीं खर्च करावा. खालचें काम दिसत नाहीं, त्याचें पाहुण्यांपुढें कौतुक होत नाहीं, म्हणूनच तें टाळलें जातें.

काळी माती निदान एक फूट, ट्रॅक्टर जाणार असेल तेथें दीड फूट, काढून टाकावी. ती फुकट जात नाहीं. शेतांतल्या एखाद्या हलक्या, मुरमाड पट्ट्यावर पसरली तर ते पैसे अर्धे वसूलच झाले. त्या जागीं मुरूम भरावा. हजार चौरस फुटांस एक फूट थर म्हणजे दहा ब्रास मुरूम; धुमसानें चोपल्यावर तो दबतो, म्हणून दोन-तीन ब्रास अधिक धरावा. सगळा मुरूम एकदम ओतून वरून रोलर फिरविणें म्हणजे स्वतःची फसवणूक होय. सहा सहा इंचांचे थर घालावे, प्रत्येक थर ओला करावा, आणि तो टणक लागेपर्यंत चोपावा. मुरूम निवडतांनाही डोळे उघडे ठेवावे. किंचित चिकण, पाणी घालून चोपल्यावर बांधून येणारा, परंतु न फुगणारा मुरूम उत्तम; निव्वळ खडा किंवा वाळू नको, कारण त्यांतून पाणी थेट खालच्या काळीपर्यंत जाऊन खड्ड्यांत सांचून राहतें. मुंबईच्या आय.आय.टी.मध्यें प्रा. आर. के. कट्टी यांनीं काळ्या मातीवर दीर्घकाळ संशोधन केलें. चिकटपणा असलेल्या पण न फुगणाऱ्या मातीचा चोपलेला थर वर घातला तर खालच्या मातीचें फुगणें आवरलें जातें, असें त्यांनीं दाखविलें, आणि कालव्यांच्या अस्तराखालीं ही युक्ति वापरांत आली. जी युक्ति कालव्याखालीं चालते ती आपल्या दारापुढें कां चालूं नये? मुरूम दूर असेल व महाग पडत असेल, तर काढलेल्या काळ्या मातींतच शेंकडा तीन ते पांच ह्या प्रमाणांत विरलेला चुना मिसळून तीच पुन्हां चोपून भरावी; चुन्यानें मातीचें फुगणें बरेंच कमी होतें.

मुरमावर एक ते दीड इंच बारीक कच पसरून ती फळीनें सारखी करावी, व तिच्यावर विटा बसवाव्या. गोदावरीची व मांजरेची वाळू ह्या कामास लावूं नये. ती आतां दुर्मिळ झाली आहे, आणि तिच्या उपशानें नदीचें पात्र व कांठच्या विहिरी ह्यांचें काय झालें तें सर्वांस ठाऊक आहे. खाणीवरील कच चांगलें काम देते. मात्र चारही कडांस जाड दगड किंवा काँक्रीटची पट्टी पक्की पुरलेली असली पाहिजे. ही कड म्हणजे टोपलीचा कांठ. तो सुटला कीं सगळी वीण उसवते. विटा उभ्या, म्हणजे अरुंद कडेवर, बसवाव्या, व चाकांच्या वाटेवर वेणीच्या पेडांप्रमाणें तिरप्या, एकमेकींस अडवून धरतील अशा मांडाव्या. सरळ ओळींत मांडलेल्या विटा ट्रॅक्टर वळतांना सरकतात. नऊ इंच लांब व तीन इंच जाड अशी वीट उभी बसविली तर दर चौरस फुटास साडेपांच विटा धराव्या. आडवी बसविली तर साडेतीन पुरतात, परंतु आडवी वीट चाकाखालीं मोडते.

विटेविषयीं मात्र सावध राहावें. आमच्या भागांतील पुष्कळशा भट्ट्यांची वीट अर्धकच्ची असते. दोन पावसाळ्यांत तिला लोणा लागतो व ती पिठासारखी झडते. चांगली वीट दुसरीवर वाजविली असतां खणखणते. कोरडी वीट तोलून ती एक दिवस व एक रात्र पाण्यांत बुडवावी व पुन्हां तोलावी. वजन एक-पंचमांशाहून अधिक वाढलें तर ती वीट अंगणास घेऊं नये. आमच्या शेजारच्या धाराशिव जिल्ह्यांत तेर येथें त्रिविक्रमाचें विटांचें प्राचीन देऊळ अद्यापि उभें आहे. वीट हीच मुळीं कमअस्सल वस्तु, असें म्हणणारांनीं एकदां तेरला जाऊन यावें. खात्रीची वीट न मिळाली तर सिमेंटचे ठोकळे घ्यावे. त्यांसाठीं भारतीय मानक १५६५८ आहे. माणसांच्या व दुचाकीच्या वाटेस ६० मिलिमीटर जाडी पुरते, भरलेल्या ट्रॉलीसाठीं ८० मिलिमीटर घ्यावी. विक्रेता रंग दाखवील; गिऱ्हाइकानें जाडी मोजावी.

अशा अंगणावर आक्षेप आहेत. सांध्यांतून गवत उगवतें, मुंग्या माती वर काढतात, एखाद्या जागीं खळगा पडतो. हें सर्व खरें आहे, आणि काळी माती मुरमाखालूनही थोडीफार हालणारच. परंतु खळगा पडला तर दहा विटा उचलाव्या, कच भरावी, विटा परत ठेवाव्या. घरचीं दोन माणसें सकाळच्या न्याहारीपूर्वीं हें काम करतात. पाण्याची नळी फुटली तरी तेंच. कोब्यास तडा गेला तर त्यास दुसरा कोबा हाच उपाय, आणि त्यालाही तोच तडा!

ह्याचा अर्थ काँक्रीट कोठेंच नको असा नाहीं. खळ्याची गोष्ट निराळी आहे. पूर्वीं पाणी शिंपडून, बैलांकडून तुडवून, शेणानें सारवून खळें करीत. आतां मळणी यंत्रानें तें मागें पडलें, पण वाळवण कायम आहे. अर्धापूर-मुदखेडकडील शिजविलेली हळद दहा-पंधरा दिवस उन्हांत पसरावी लागते, व तिला माती-खडा लागला तर भाव उतरतो. अशा वाळवणाच्या ओट्यास काँक्रीटच योग्य. परंतु तेथेंही खालीं मुरूम हवाच, ओटा भोंवतालच्या जमिनीपेक्षां उंच हवा, आणि एकसंध न ओततां आठ-दहा फुटांचे चौकोन पाडून त्यांचे सांधे डांबरानें भरावे. एक भाग सिमेंट, दीड भाग वाळू किंवा कृत्रिम वाळू व तीन भाग गिट्टी हें प्रमाण ठेवावें. पन्नास किलोच्या पोत्यास पंचवीस-सव्वीस लिटरांहून अधिक पाणी घालूं देऊं नये. आणि मातीचीं आळीं करून दहा दिवस पाणी उभें ठेवावें. बियाण्याचें सोयाबीन मात्र अशाही ओट्यावर ताडपत्री अंथरूनच वाळवावें. त्याची साल फार पातळ असते, कठीण जमिनीवर आपटल्यानें उगवण घटते.

गोठ्यांतही गुळगुळीत कोबा नसावा. आपल्या दोन जिल्ह्यांस देवणी व लाल कंधारी अशा दोन नामांकित जाती लाभल्या आहेत. माळेगावच्या यात्रेंत ज्या वळूभोंवतीं लोक गर्दी करितात, त्याला वर्षभर ओल्या, निसरड्या सिमेंटावर उभें ठेवणें हा निव्वळ अविचार होय. खूर झिजतात, जनावर घसरतें व बसावयास भितें. तेथें उभ्या विटेचा तळ करून सांधे तेवढे सिमेंटानें भरावे, म्हणजे मूत्र खालीं मुरत नाहीं व पायाला पकड राहते.

आतां पाण्याविषयीं, आणि हाच भाग आम्हांस सर्वांत महत्त्वाचा वाटतो. मांजरा धरण कोरडें पडून १२ एप्रिल २०१६ रोजीं मिरजेहून आगगाडीनें लातुरास पाणी आणावें लागलें. त्या पहिल्या गाडीनें पांच लाख लिटर पाणी आणलें. देशभर त्याची वार्ता झाली. आतां एक साधें गणित करूं. हजार चौरस फूट अंगणावर एक मिलिमीटर पाऊस पडला म्हणजे ९३ लिटर पाणी होतें. शंभर मिलिमीटर पडला म्हणजे नऊ हजार तीनशें लिटर. अशा चोपन्न अंगणांवर शंभर मिलिमीटर पावसांत एका आगगाडीइतकें पाणी पडतें, आणि आपल्याकडे बऱ्या वर्षीं ह्याच्या सात-आठपट पाऊस होतो. हें पाणी आपण कोब्यावरून रस्त्यावर, रस्त्यावरून नाल्यांत लोटतों, आणि फाल्गुनांत टँकरची वाट पाहतों.

विटांच्या सांध्यांतून सगळें पाणी मुरेल असें आम्ही म्हणत नाहीं. चोपलेल्या मुरमांतून तें फारसें मुरत नाहीं व घराच्या पायाशीं मुरूंही नये. म्हणून अंगणास घरापासून दूर, पन्नास फुटांस एक फूट असा ढाळ द्यावा. तीस फुटांच्या अंगणास तो सुमारें सात इंच होतो. ढाळाच्या टोकाशीं शोषखड्डा घ्यावा, पण तो काळींतच संपवूं नये, खालच्या मुरमापर्यंत न्यावा. काळींतला खड्डा भरला कीं भरलेलाच राहतो. शोषखड्डा ही आमच्या वाचकांस नवी गोष्ट नव्हे. नांदेड जिल्ह्यांत हिमायतनगर तालुक्यांतील टेंभुर्णी ह्या गांवानें घरोघरीं शोषखड्डे करून गल्लींतलें सांडपाणी व डास दोन्ही घालविले, आणि ती रीत जिल्हाभर अनुसरली गेली. सांडपाण्यासाठीं जें गांवानें केलें तें पावसाच्या पाण्यासाठीं घरानें करावें, दोहोंचे खड्डे मात्र वेगळे ठेवावे.

शिवाय सगळें अंगण झांकण्याची गरजच काय? ओसरीपुढें बसण्याउठण्यापुरती जागा, चाकांच्या दोन पट्ट्या व गोठ्याकडे जाणारी वाट, एवढें बांधलें तर हजारांपैकीं चारशें फुटांत काम होतें. उरलेल्या जागेंत एक लिंब ठेवावा. वैशाखांत कोब्यावर अनवाणी चालून पाहावें म्हणजे लिंबाची किंमत कळेल. घरांतील बायकांस ती विचारावयास नको, कारण वाळवण हालवावयास दुपारीं त्याच जातात.

गांवच्या गल्ल्यांविषयीं येथें एवढेंच म्हणतों कीं, जुना रस्ता न उकरतां दर पांच-सहा वर्षांनीं त्याच्यावरच नवा थर ओतण्याची जी चाल पडली आहे, तिनें कित्येक घरांचे उंबरे रस्त्याखालीं गेले आहेत व पहिल्याच पावसांत पाणी माजघरांत येतें. ग्रामसभेंत रस्त्याच्या कामाचा विषय निघेल तेव्हां आमच्या वाचकांनीं, जुना थर काढणार कीं नाहीं, व नव्या रस्त्याची उंची उंबऱ्यापेक्षां किती खालीं राहणार, हे दोन प्रश्न विचारावे व उत्तर इतिवृत्तांत लिहवून घ्यावें.

ज्यांस ह्या वर्षीं काम करावयाचें असेल त्यांनीं घाई करूं नये. काळी काढून मुरूम भरण्याचें काम उन्हाळ्यांत, मृगापूर्वीं उरकावें, ढाळ त्याच वेळीं द्यावा, आणि एक पावसाळा त्यावरून जाऊं द्यावा. मुरूम जेथें बसेल तेथें पुन्हां भर घालून चोपावी. विटा दिवाळीनंतर, सोयाबीनची रास घरांत आल्यावर बसवाव्या. त्या वेळीं भट्टीची नवी वीट निघालेली नसते, म्हणून ती आदल्या उन्हाळ्यांतच वाजवून व भिजवून पारखून घ्यावी. आमच्या अंगणांत मुरूम पडला आहे. गोठ्यामागील खापऱ्या शोषखड्ड्यांत भरावयास कामीं येतील असा अंदाज आहे.